चांगल्या दुपारचं ठिगळ

धंतोलीत दवाखान्यांच्या रस्त्यावर, कडुनिंबाखाली एक मावशी वाकळ शिवत बसायची. सुई केसांतून फिरवायची, दोरा दातांनी तोडायची. कुणाची वेळ संपत आली, की घरचे तिच्याकडे धावायचे. ती वेळेला ठिगळ लावायची.

आईचे डोळे मिटत आले होते आणि भावाची काटोलची एसटी यायला अजून तास होता. मी तिच्यापुढे जाऊन बसलो.

"मावशी, एक तास पायजे."

"ठिगळ तुह्याच एखाद्या दिवसातून कापा लागते."

"मी तापानं पडलो होतो, त्यातला घ्या एखादा."

तिनं मान हलवली. "फाटक्याले फाटक्याचं ठिगळ टिकत नाही गा. चांगली दुपार दे."

मी दिली. ती टाके घालत होती तोवर दवाखान्यातल्या घड्याळाचा लंबक हलला नाही. भाऊ पोचला, आईनं त्याच्या गालावरून हात फिरवला, मगच मावशीनं दोरा तोडला.

भाऊ अजून रुसून सांगतो, संत्र्याच्या बगीच्यात एका दुपारी आईनं सगळ्या फोडी मलाच भरवल्या, त्याला नुसती सालं मिळाली. मला काहीच आठवत नाही. म्हणून दरवेळी मी त्याला ते पहिल्यापासून सांगायला लावतो.