मस्कतच्या पैशाची बाथरूम

दादा मस्कतला गेला तेव्हा आमच्या घरात बाथरूम नव्हती. घराच्या मागच्या अंगाला तीन पत्रे उभे करून आडोसा केला होता, आणि वर आभाळ. तेरच्या अलीकडच्या आमच्या गावात असे आडोसे बऱ्याच घरांना होते, त्यामुळे त्यात कुणाला लाज वाटायची नाही. पण दादाला पाहायला म्हणून एका मुलीकडची माणसं आली, त्यांच्यातली आत्या हात धुवायला मागं गेली, आडोसा बघून आली आणि चहा न पिताच सगळ्यांना उठवून घेऊन गेली. ते दादाच्या मनाला लागलं.

दादा आयटीआयमध्ये एसी दुरुस्ती शिकला होता. उमरग्याच्या एका मित्रानं त्याला तिकडं लावून दिलं. पहिल्या फोनवर तो पगार, जेवण, मालक यांबद्दल काहीच बोलला नाही. खोलीत शॉवर आहे आणि भिंतीतून गरम पाणी येतं, एवढंच सांगत राहिला. शेवटी म्हणाला, "मी पैसे पाठवतो. आधी बाथरूम बांधा. टाइल्सची."

आमच्या घरातली कमाई हंगामाची होती. वडील, ज्यांना आम्ही अण्णा म्हणतो, कारखाना सुरू झाला की ढोकीकडं उसाच्या ट्रॅक्टरवर जायचे. आई सोयाबीनच्या दिवसांत दुसऱ्याच्या रानात खुरपायला जायची. मधल्या महिन्यांत आमच्याकडं कोरा चहा असायचा. पाहुणे आले की आई सांगायची, डॉक्टरनं दूध बंद केलंय. कुणाचं, ते सांगायची नाही.

पैसे आले त्या संध्याकाळी आई अण्णांना म्हणाली, "बाथरूम काय देती?"

अण्णांनी विचार केला. "आंघोळ देती."

"आंघोळ आत्ता बी हुतीय."

पुढच्या बाजाराला दोघं गेली आणि टेम्पोतून एक म्हैस घेऊन आली. लांब शिंगांची, काळीभोर, चेहऱ्यावर तालुक्याहून आलेल्या साहेबासारखा भाव. तिला बांधायला जागा नव्हती, म्हणून आडोशातच खुंटा ठोकला. त्या दिवसापासून आम्ही तिच्या शेजारी आंघोळ करू लागलो. ती तोंड फिरवायची नाही. मला सुरुवातीला अवघड वाटायचं.

शुक्रवारी दादाला सुट्टी असायची. त्याचा फोन अण्णांनी उचलला.

"अण्णा, बांधली का?"

"बांधली की. मागच्या अंगाला."

अण्णा आयुष्यात खोटं बोललेले नाहीत, आणि तेव्हाही बोलले नाहीत. खुंट्याची गाठ त्यांनी स्वतः मारली होती.

"चांगली झालीय ना?"

"लई गुणाची हाय."

"आणि खाली काय टाकलंय?"

अण्णांनी मागं वाकून पाहिलं, घाम पुसला आणि फोन माझ्या हातात दिला.

दादानं व्हिडिओवर दाखव म्हणून हट्ट धरला. मी रेंज नाही असं सांगून एक आठवडा काढला. मग आईनं शेजारच्या काकूंना विचारलं. काकूंचे यजमान शाळेत शिक्षक, त्यांच्या बाथरूमला निळ्या माशांच्या टाइल्स. त्या टाइल्स आजवर घरच्यांशिवाय कुणी पाहिल्या नव्हत्या, त्यामुळे काकूंना मागणी फार आवडली. दर शुक्रवारी त्या बाथरूम घासायच्या, नवा टॉवेल अडकवायच्या आणि मी फोन घेऊन आत फिरायचे. "मासे किती छान आहेत," दादा म्हणायचा आणि काकू दाराआड लाजायच्या.

एकदा मी दाखवत असताना सर आत होते. साबण लावलेले, डोळे मिटलेले.

"ते कोण?" दादानं विचारलं.

"मिस्त्री."

"मिस्त्री आंघोळ का करतोय?"

"पाणी कुठं तुंबतंय का ते बघतोय," मी म्हणाले. सरांनी डोळे न उघडताच "कोण आहे?" म्हणून विचारलं आणि मी रेंज घालवली.

घरात आम्ही म्हशीलाच बाथरूम म्हणायला लागलो, म्हणजे फोनवर बोलताना तोंडून भलतं निघायला नको. त्याचा फार उपयोग झाला नाही. एकदा तिचं पोट फुगलं होतं आणि काळजीनं अण्णांची झोप उडाली होती. दादानं घरचं सगळं बरं आहे ना म्हणून विचारल्यावर ते म्हणाले, "बाथरूम कालपासून चारा खात न्हाय." आईनं फोन हिसकावून घेतला. दादा पलीकडून म्हणत होता, आवाज तुटतोय.

पुढं त्यानं गिझरसाठी पैसे पाठवले. आईनं चारा कापायचं कडबाकुट्टीचं यंत्र घेतलं. गिझर कसा आहे, असं त्यानं विचारल्यावर अण्णा म्हणाले, "चांगला हाय, पर आवाज लई करतो." आवाजाचा गिझर कंपनीकडून बदलून घ्या, असं त्यानं परोपरीनं सांगितलं.

मग उन्हाळ्यात, भर दुपारी, न कळवता दादा दारात उभा राहिला. आई चारा आणायला गेली होती. मी नुकतीच धाराशिवहून कॉलेजच्या एसटीनं आले होते. दादानं सूटकेस उघडली, तिच्यातून चकचकीत शॉवर काढला, साबण काढला, खांद्यावर टॉवेल टाकला.

"प्रवासात अंग चिकट झालंय. आधी आंघोळ करतो. बाथरूम कुठाय?"

मी अण्णांकडं पाहिलं. अण्णांनी जमिनीकडं पाहिलं.

"मागं बांधलीय," ते म्हणाले.

आम्ही दोघं जागचे हललो नाही. मग मागून दादा म्हणाला, "अण्णा, ही साबण खातीय."

आई आली तेव्हा दादा बाजेवर बसला होता. आईनं भारा उतरवला.

"कुणाची म्हैस?" त्यानं विचारलं.

"तुझी."

"आणि ते मासे?"

"ते सरांचे," आई म्हणाली.

तो उठून थेट काकूंकडं गेला. काकूंनी दार उघडून "ये की, तुझीच हाय," म्हणत त्याला आत नेलं. तो टाइल्सवरून हात फिरवत राहिला. काकू सांगतात, प्रत्येक मासा त्याला ओळखीचा होता. तिथंच आंघोळ करून तो आला, पण राग धुऊन निघाला नव्हता. "मी तिकडं पन्नास डिग्रीत गच्च्यांवर चढतो," तो म्हणाला, "आणि तुम्ही मला सरांची आंघोळ दाखवता."

आईनं चहा पुढं ठेवला. "तुझं तिकडलं काम उद्या बंद झालं तर बाथरूममधनं मी काय काढू?" ती म्हणाली. "ही हाय तर रोज सकाळ-संध्याकाळ घरात कायतरी येतंय. औंदा तुझे अण्णा ट्रॅक्टरवर गेले न्हायत. हिच्या कॉलेजचं बी त्यातनंच भागतंय. तुला सांगितलं असतं तर तू हो म्हनला असतास का?"

दादा चहा पिता पिता थांबला, कपात पाहिलं. आमच्या घरचा दुधाचा चहा त्यानं असा मधल्या महिन्यांत कधी प्यायला नव्हता. संध्याकाळी तो अण्णांबरोबर डेअरीवर गेला. तिथं अण्णांना दोघा-तिघांनी रामराम घातला, एकानं बसायला खुर्ची दिली. येताना किटली दादाच्या हातात होती.

दुसऱ्या दिवशी तो टाकीपासून पाइप ओढत बसला. मला वाटलं, आडोशातच स्वतःची सोय करतोय. त्यानं शॉवर बसवला तो म्हशीच्या डोक्यावर. "उन्हानं हिचं दूध कमी व्हतंय," तो मला म्हणाला. पाण्याची चावी सोडल्यावर ती पहिल्यांदा दचकली, मग डोळे मिटून उभी राहिली. हुबेहूब सरांसारखी. मी हे बोलून दाखवलं नाही.

खरी बाथरूम पुढच्या वर्षी झाली, दुधाच्या पैशातून, साध्या पांढऱ्या टाइल्सची. त्यानंतरच्या सुट्टीत दादाला पाहायला पुन्हा पाहुणे आले, या वेळी मुलगीही सोबत होती. मुलीच्या वडिलांनी मागं जाऊन म्हशीच्या पाठीवर हात फिरवला, कासेचा अंदाज घेतला आणि समाधानानं येऊन बसले. बोलणं जमत आलं. मग त्यांनी दादाला विचारलं, "आता परत मस्कत का?"

उत्तर आईनं दिलं. "जाऊ द्या की अजून एक वर्ष. लग्न करून जाईल. आल्यावर दुसरी आणायची म्हणतोय."

मुलीच्या वडिलांनी कप खाली ठेवला. तिचा मामा चपला शोधू लागला. अण्णा घाईघाईनं म्हणाले, "लांब शिंगाची," आणि त्यानं गोंधळ आणखी वाढला.

पहिल्यांदा हसली ती मुलगी. पदर तोंडाला लावून हसत राहिली आणि हसता हसताच तिनं मामाला खाली बसवलं. आता ती माझी वहिनी आहे. दोन्ही म्हशींच्या धारा तीच काढते, कारण आईच्या हाताला त्या आता दूध सोडत नाहीत.