भाऊजींची उंबरापट्टी

माझ्या थोरल्या दिरांनी अख्ख्या मीरा-भाईंदरचा वेळ फुकट घालवला, असं आमच्या नात्यातले लोक म्हणतात. म्हणोत बापडे. वेळ घालवायला आधी तो गाठीशी असावा लागतो, आणि भाऊजींकडे तर तो ताग्यांनी होता. नवघरला त्यांचा गाळा होता, एका बाजूला फरसाणवाला, दुसऱ्या बाजूला प्लायवूडवाला आणि मधे हे. वर पाटी, 'कालवक्र ट्रेडिंग कंपनी', आणि खाली बारीक अक्षरांत, 'वेळ लांबवून व आखडून मिळेल'. माल कापडाच्या पट्ट्यांचा, दोन जातींचा. लांबपट्टी अंथरून बसलं की वेळ ताणला जायचा, म्हणून परीक्षेच्या दिवसांत पोरं ती न्यायची. आखूडपट्टीचं उलट, ती सासुरवाडीला जाणारे जावई न्यायचे. माल येतो कुठून, असं विचारलं की भाऊजी शांतपणे "भिवंडीहून" म्हणायचे. एकदा माझ्यासमोरच एका बाईंनी लांबपट्टी चिमटीत धरून विचारलं, "अंकल, धोने के बाद छोटा होगा क्या?" भाऊजी चष्म्यावरून बघत म्हणाले, "कपड़ा नहीं होगा, घंटा होगा." बाईंनी दोन मीटर घेतली.

धंद्यात चुका व्हायच्याच. नवघर गावातल्या एका गृहस्थांच्या मुलीचं लग्न होतं आणि त्यांचे भटजी विधी फार लांबवतात म्हणून त्यांनी भटजींच्या पाटाखाली घालायला आखूडपट्टी नेली. भाऊजींनी मायेपोटी दुहेरी घडी घालून दिली. भटजी पाटावर बसले, तोंड उघडलं, आणि मंगलाष्टकं संपलीसुद्धा. लोकांच्या हातात अक्षता तशाच, आणि नवरदेवाची गाडी अजून पूनम सागरच्या ट्रॅफिकमध्ये. ते गृहस्थ फेट्यासकट गाळ्यावर आले. म्हणाले, "मी भांडाया न्हाय आलो. पन पोरीचं लगीन लागलंय का न्हाय, तेवडं सांगा." भाऊजींनी डोळे मिटून हिशेब केला आणि म्हणाले, "लागलंय. नवरदेव तेवढा यायचाय." पुढे तो आला, जेवला आणि संसारही उत्तम चाललाय, त्यामुळे आपल्याला बोलायला जागा नाही.

स्वतः भाऊजींनी लग्न केलं नाही. बेव्हर्ली पार्कला एकटे राहायचे आणि रात्रीचं जेवण आमच्याकडे, पूनम सागरला. जन्मभर त्या मालात वावरल्यामुळे त्यांचं घड्याळ पार बिघडलं होतं. शर्टाच्या खिशाला त्यांनी आखूडपट्टीचं अस्तर लावलं होतं; सोमवारी खिशात ठेवलेली भजी गुरुवारी काढली तरी तोंड पोळायचं. होळीच्या पुरणपोळ्या खायला आदल्या दिवशीच हजर व्हायचे, आणि मी "उद्या आहेत हो" म्हटलं की वर मलाच, "मग हे काल का नाही सांगितलंस?" आमचे हे हसून गडाबडा लोळायचे. रांधायचं मला होतं, त्यामुळे मी काही हसत नसे.

पण माझा खरा जीव खाल्ला तो उंबरापट्टीनं. हा त्यांचा सगळ्यात उंची माल, विकायला कधीच काढला नाही. त्यातला एक तुकडा त्यांनी आमच्या दारात आणून घातला, पायपुसण्यासारखा; त्यावर उभं राहिलं की निघायची वेळ लांबतच जायची. जेवण झालं की दीड तास सोफ्यावर मुके बसायचे. मग "बरं, निघतो" म्हणून उठायचे, पट्टीवर उभे राहायचे, एक चप्पल पायात घालायचे, आणि मग गप्पांना सुरुवात. दुसरी चप्पल तिथंच पडलेली. ओटा आवरायचा पडलाय, दूध तापवायचंय, आणि मी दाराला टेकून उभी. एकदा वैतागून म्हटलं, "भाऊजी, आत बसून बोला ना." म्हणाले, "आत कसलं बोलणं, शुभा? आत माणूस टीव्ही बघतो. निघताना आठवतं ते खरं." आणि मग तिथंच, एका चपलेवर, चपलेकडेच बघत म्हणाले, "घरी गेलं की दिवा लावायचं जिवावर येतं बघ." त्या दिवशी दूध उतू गेलं आणि मी गेले नाही बघायला.

मग यांनी निवृत्ती घेतली आणि आम्ही नाशिकला मुलीजवळ राहायला जायचं ठरवलं. भाऊजींना ते कोणी सांगायचं यावर आमचं दोघांचं आठवडाभर भांडण चाललं होतं. शेवटी मीच सांगितलं, अर्थात दारात. ते "बरं" म्हणाले, दुसरी चप्पल घातली आणि गेले. इतक्या पटकन ते कधीच गेले नव्हते.

निघायच्या दिवशी खाली टेम्पोवाला हॉर्न वाजवत होता. घर रिकामं झालं होतं, आणि भाऊजी दारात वाकून उभे. मला वाटलं, आता हे सगळा तागा अंथरणार आणि आम्हाला संध्याकाळपर्यंत अडकवणार. खरं सांगते, अंथरला असता तर मला हवाच होता. पण त्यांनी होती ती पट्टीसुद्धा गुंडाळली, सुतळीनं बांधली आणि माझ्या हातात दिली.

"अहो, आज तरी राहू द्या की जरा," मी म्हटलं.

"आज नको. आज ताणली तर फाटेल," ते म्हणाले. "तुझ्या नव्या दारात घाल. मी येईन ना, तेव्हा निघताना लागेल मला."

गाळा त्यांनी आता बंद केलाय. भिवंडीहून माल येत नाही म्हणतात. महिना-दोन महिन्यांनी नाशिकला येतात, दोन दिवस सोफ्यावर मुके बसतात, आणि मग "बरं, निघतो" म्हणून उठतात. पट्टी मधोमध विरलीय, जिथं ते उभे राहतात बरोबर तिथं. पूर्वी ती तासन्तास पुरायची. आता चहाचा कप निवेपर्यंतच टिकते. गेल्या खेपेला मी गॅस बंद करून आधीच दारात जाऊन उभी राहिले. त्यांनी एक चप्पल पायात घातली. दुसरी मी, बोलता बोलता, पायानंच कपाटाखाली सरकवून दिली.