चाचांचा हबशी

दुबईच्या देरात दारावर पाटी नसली तरी कुठली खोली कुणाची हे सगळ्यांना ठाऊक असतं. मल्याळ्यांची, फिलिपिनोंची, आणि जिन्याच्या टोकाला आम्हा कोकण्यांची. आमच्याकडे एक बेड रिकामा झाला होता आणि आमच्या ऑफिसच्या ड्रायव्हरला तातडीने जागा हवी होती. ड्रायव्हर इथिओपियाचा. रोज एका गाडीतून माल पोचवता पोचवता आमची घट्ट मैत्री झालेली. पण खोलीत त्याचा विषय काढणं मी टाळत होतो. कारण चाचा. मुरूडचे, खोलीतले सगळ्यांत जुने, त्यांचा शब्द शेवटचा.

शेवटी शुक्रवारी मी त्याला जेवायलाच घेऊन गेलो. पाहुण्यासमोर तरी चाचा गप्प बसतील, हा माझा भाबडा समज. चाचांनी दार उघडलं, त्याला खालून वर न्याहाळलं आणि म्हणाले, "काय रे, हा हबशी कुठून उचलून आणलास?"

मी मनात म्हटलं, बेड गेला, मित्रही गेला.

"हबेशा!" मित्र एकदम हसला. चाचांचा हात धरून म्हणाला, "हां चाचा, मैं हबेशा! आपको कैसे मालूम?"

त्याचे लोक स्वतःला अभिमानाने हबेशा म्हणवतात, हे तो जेवताना रंगून सांगत होता. चाचा खाली मान घालून भात कालवत होते. माझ्या डोक्यात एकच: ती शिवी होती हे याला उद्या कुणी सांगितलं तर?

तो निघताना चाचांनी एवढंच विचारलं, "सामान कितना है?"

पुढे कधीतरी खोलीत रत्नागिरीचा एक नवा माणूस आला. त्याने बॅग खाली ठेवायच्या आत विचारलं, "हा हबशी इथे कसा?"

कांदा चिरता चिरता चाचा म्हणाले, "हबशी नवाबांचं राज्य म्हणून आमच्या मुरूडच्या मुलखाला जुनी माणसं हबसाणच म्हणायची. म्हणजे मीपण हबशी. चालत नसेल तर दुसरी खोली बघ. यल्ला, निघ."

मित्र माझ्याकडे झुकून हळूच म्हणाला, "इसने भी गाली दिया ना? पहले दिन चाचा ने दिया था, वैसा?"

मी कशीबशी मान हलवली. त्या दिवशी दारात आपण एकटेच घाबरलो होतो, असं मी इतके दिवस समजत होतो.