डचेसची किंमत

मी डेलमार टॉलेफसन. अमेरिकेतल्या मोंटाना राज्याच्या डोंगरात सरकारी जंगल कार्यालयासाठी खेचरांवर सामान लादून वर पोचवण्यात माझी हयात गेली. माझी बायको लोर्ना म्हणते, सामान खेचरं वाहतात, हा फक्त बढाया वाहतो.

त्या बढाया मुख्यतः डचेसच्या. ती माझ्या ताफ्यातलं पुढचं खेचर. "असं जनावर अख्ख्या मोंटानात नाही," हे मी न्हाव्यापासून पाद्र्यापर्यंत सगळ्यांना ऐकवलं होतं. वरच्या तळावर बाकीची खेचरं बांधायचो, तिला मोकळी सोडायचो. ती मला सोडून कुठे जाणार!

एका सप्टेंबरात गेली. पहाटे बघतो तर मातीत अस्वलाचे पंजे. बांधलेली खेचरं थरथरत जागेवर, डचेस गायब. बर्फ पडेपर्यंत शोधली. सापडली नाही.

पुढचा पगार कमी आला. कारकून चुकला असेल म्हणून कार्यालयात गेलो, तर आमचे साहेब किट्रिज म्हणाले, "सरकारी खेचर तुमच्या निष्काळजीपणाने गेलं. किंमत थोडी थोडी कापून घेतोय."

"मला न विचारता?"

"विचारायचं काय त्यात? खेचर नाही, हे दिसतंच आहे."

"अहो, पण एवढ्या पैशात ट्रक येतो!"

"अख्ख्या मोंटानात असं जनावर नाही, हे तुम्हीच सांगत होता ना? मग दरही तसाच लावला."



घरी येऊन भांडी आपटली. लोर्ना म्हणाली, "माझ्या भांड्यांनी काय घोडं मारलंय तुझं? पगार कापायचा तर सरकारला आधी कळवावं लागतं, हिशेब दाखवावा लागतो, आणि मागितली तर सुनावणी द्यावी लागते. माझ्या बहिणीला दिली होती. माग की!"

मी मागितली. म्हणजे अर्ज तिने लिहिला, सही तेवढी मी केली.

सुनावणी वाचनालयाच्या मागच्या खोलीत होती. मी अंत्यविधीला घालतो तो कोट चढवून गेलो. खिशात स्वातंत्र्यावरचं जोरदार भाषण. खेचरांसमोर तालीम केली होती, तेव्हा त्यांतल्या दोघांना उभ्या उभ्या झोप लागली होती. निवाडा करायला आलेल्या व्हिटफर्डबाई दुसऱ्याच खात्यातल्या, आमच्या साहेबांशी काही देणंघेणं नसलेल्या. त्या आधी साहेबांकडेच वळल्या.

"पगार कापण्याआधी यांना कळवलंत?"

"सगळ्या गावाला माहीत होतं, बाई."

"गावाचा पगार कापलात का? यांना कळवलंत?"

साहेबांनी फाइल चाळली. तसा कागद तीत नव्हता.

"मग कापलेलं सगळं परत करा. आता मूळ वादाकडे येऊ."

मी भाषणासाठी उठलो.

"बसा हो. जनावर कसं होतं, एवढंच सांगा."

आली का पंचाईत! बढाई मारावी तर खिसा रिकामा, खरं सांगावं तर गावात हसं. मागे बसलेली लोर्ना खोकली. तो खोकला मी ओळखतो.

"म्हातारी होती," मी म्हणालो. "एका डोळ्याने दिसत नव्हतं. नदी आली की पिठाच्या पोत्यांसकट पाण्यात बसायची. मला चावायचीसुद्धा."

"मग सगळ्यांच्या पुढे का ठेवायचात?"

"मागे ठेवली तर यायचीच नाही." साहेब रुमालात हसले. मलाही हसू येईल असं वाटलं होतं, पण आलं नाही. "आणि बाई, धुक्यात वाट तिलाच सापडायची. मला नाही."

बाईंनी ते लिहून घेतलं. "रात्री बांधायचा नियम होता?"

"होता."

"तुम्हाला माहीत होता?"

"नव्या लोकांना मीच शिकवायचो."

निकाल तिथल्या तिथे लागला. चूक माझी, पण किंमत एका म्हाताऱ्या, अर्धवट आंधळ्या खेचराची, आणि तीही मला झेपेल अशा हप्त्यांनी. जिंकायला गेलो होतो, कर्ज कबूल करून आलो. तरी साहेबांचा हात हातात घेऊन मीच आधी हलवला. या वेळी पैसे कापण्याआधी कोणीतरी मला विचारलं तरी होतं.

परतताना गाडी लोर्ना चालवत होती.

"ती तुला चावायची, हे मला कधी सांगितलं नाहीस."

"त्यात काय सांगायचं?"

"कुठे चावायची?"

मी सीटवर जरा एका अंगाला सरकून बसलो. तिला इतकं हसू फुटलं, की गाडी कडेला घ्यावी लागली.