आधी पाणी

माझं एक गाव आहे, ते कुठल्याच नकाशावर नाही. जादू, तलवारी आणि राक्षसांच्या एका जुन्या व्हिडिओ गेमच्या आत ते आहे. असे गेम खेळणारी काही वेडी माणसं त्यातली मूळची दुनिया सगळी काढून टाकतात, गेम चालवणारं आतलं यंत्र तेवढं ठेवतात आणि त्यावर आपली नवी दुनिया उभी करतात. नवे डोंगर, नवी माणसं, नवी गोष्ट. वर्षानुवर्षं, तेही फुकट. मी त्या वेड्यांपैकीच.

घनसावंगीत माझं ऑनलाइन फॉर्म भरून द्यायचं दुकान आहे. गिऱ्हाईक नसलं की मी गाव बांधत बसायचे. देशोदेशीच्या आमच्या टोळीत माझ्या वाट्याला नदीकाठचं तेवढं एकच गाव आलं होतं आणि त्यात मी दीड वर्ष घातलं होतं.

मग गेम तपासणाऱ्यांचा निरोप आला, तुझे गावकरी बिघडलेत. बोलायला जावं तर पाठ फिरवून घरात निघून जातात. एका तपासणाऱ्याने तर, बाई हत्यार आणायला गेली असं समजून तलवारच उपसली होती. टोळीचा म्होरक्या परदेशातला, सभ्य पण हट्टी. त्याने लिहिलं, आठवड्यात दुरुस्त कर, नाहीतर गाव वगळावं लागेल.

माझं डोकंच फिरलं. बिघाड कसला? बाया पाणी आणायला आत जात होत्या. दारात आलेल्याला आधी पाणी, मग काय काम काढलंत ते. यात काही वेगळं आहे असं मला करताना वाटलंच नव्हतं. आणि या साहेबांना दोन मिनिटं दम नव्हता!

रागाच्या भरात मी टोळीतल्या सगळ्यांना विचारलं, तुमच्या दारात अनोळखी माणूस आला तर तुम्ही करता तरी काय? उत्तरं आली आणि राग कुठल्या कुठे गेला. कोणी दार न उघडता आतूनच विचारतं. कोणाकडे कळवल्याशिवाय कोणी येतच नाही. एकीकडे आधी बूट काढायला लावतात. दोन दिवस मी कामधाम सोडून तेच वाचत होते.

मग वाटलं, आपण तरी आधी पाणी का देतो? आईला विचारलं. ती लसूण सोलत होती.

"पाणी घेतलं म्हंजी माणूस घडीभर थांबणार," ती म्हणाली. "मंग त्याला समदं सांगावं वाटतं. जो थांबतच न्हाई, त्याला रस्ता दाखवायचा अन् मोकळं व्हायचं."

मी गेममध्ये अगदी तसंच केलं. घाईवाल्याला गावकरी एका वाक्यात वाटेला लावतील. पाणी येईपर्यंत थांबेल त्याला मात्र गावच्या विहिरीत लपलेल्या भुयाराची सगळी गोष्ट सांगतील.

गाव पुन्हा तपासायला पाठवलं आणि पुढचे चार दिवस माझं कशात लक्ष नव्हतं. एका गिऱ्हाइकाच्या फॉर्मवर वडिलांच्या जागी मी त्याचंच नाव भरून दिलं.

म्होरक्याचं उत्तर आलं. गाव राहणार. भुयाराची गोष्ट त्याला फार आवडली होती. खाली एक शंका होती: "पाणी पिऊन झालं, गोष्टही संपली. गोष्ट सांगणारी म्हातारी समोर उभीच आहे, मीही भांडं हातात धरून उभाच आहे. आता काय करू?"

मी हसत हसत ते आईला वाचून दाखवलं. ती हसली नाही.

"कवाचा उभा राह्यलाय गं तो? त्याला बस म्हण की."

मला एकदम लाज वाटली. दीड वर्ष खपून बांधलेल्या गावात मी बसायला एक ओटासुद्धा केला नव्हता.