न दिलेला पास

मोहरीच्या तेलात कापूर घालून कढवल्याचा वास आला, की मला ग्वालियरची ती निवड चाचणी आठवते. मध्य प्रदेशाची वाटणी नुकतीच झाली होती, राज्याच्या फुटबॉल संघातल्या निम्म्या मुली छत्तीसगडकडे गेल्या होत्या आणि नवा संघ निवडायचा होता. माझी मैत्रीण, बिर्ला नगरच्या बंद पडलेल्या गिरणीतल्या कामगाराची मुलगी, सकाळीच आमच्या दौलतगंजच्या घरी आली. आईनं ते कोमट तेल आधी तिच्या पायांना चोळलं. "काकी, आज गोल पक्का," ती म्हणाली. "तू करणारच गं," आई म्हणाली. मला तसं काही म्हणाली नाही. तेवढ्यावरच माझं डोकं फिरलं. मैदानावर आम्ही दोघी एकाच बाजूनं, पुढच्या फळीत खेळत होतो. ती मोकळी उभी राहून "इधर दे, इधर!" ओरडत राहिली, आणि मी तिला एकही पास दिला नाही. शेवटी वैतागून ती मागे गेली आणि समोरच्या मुलींच्या पायांतून चेंडू हिसकावू लागली. निवड करणारे साहेब उठून उभेच राहिले. त्यांना बचावासाठीच मुलगी हवी होती. ती निवडली गेली, देशासाठी खेळली, कप्तान झाली. मी पाटणकर बाजारातल्या दुकानात बसून पेपरात तिचे फोटो बघत राहिले. परवा तिच्या निवृत्तीच्या सत्कारात कुणीतरी विचारलं, बचाव कुठं शिकलात? समोर बसलेल्या माझ्याकडे बोट दाखवून ती हसली, "इसने सिखाया." सगळ्यांनी वळून माझ्यासाठी टाळ्या वाजवल्या. फुटबॉलनं मला तेवढ्याच टाळ्या दिल्या, आणि तो पासही तिनंच दिलेला.