तिसऱ्या दिवसाची वाट

रविवार, ९ नोव्हेंबर. सकाळी साडेसहा. ठिकाण : मुरकुटटोला, मनिराम टेकाम यांच्या घराची सपरी, म्हणजे ओसरी. हजर : त्यांच्या पत्नी सुकवारोबाई, मुलगी कुंती, आमच्या गटाचे गाडीवाले मधुकरभाऊ (एरवी तिरोड्याकडचे शेतकरी), आणि मी. काम : डिसेंबरच्या पदभ्रमणाआधी तिसऱ्या दिवसाच्या वाटेची पाहणी. गैरहजर : मनिराम टेकाम.

शेवटची ओळ लिहिली आणि पेन थांबलं. गोंदियाच्या एका कॉलेजात मी ग्रंथपाल आहे, याद्या करणं माझ्या अंगवळणी पडलेलं आहे. नऊ वर्षं आमचा छोटा गट दर डिसेंबरात बोदलकसा तलावाच्या पलीकडच्या डोंगरांत, राखीव जंगलाच्या हद्दीबाहेरून, चार दिवस पायी फिरतो आणि तीन रात्री गोंडांच्या टोल्यांवर, म्हणजे पाड्यांवर, त्यांच्याच घरांत राहतो. सह्याद्रीत चढणारे या डोंगरांना डोंगर म्हणणार नाहीत, पण चौथ्या दिवशी गुडघे ते कबूल करतात. रोज सकाळी निघण्याआधी मी हजेरी घेते. नाव, वय, घरचा फोन, चालू असलेली औषधं. आमचे वाटाडे मनिरामभाऊ काठी टेकून समोर उभे असायचे, माझं वाचून होण्याची वाट बघत. त्यांचं नाव त्या वहीत घालायचं मला कधी सुचलंच नाही... समोर उभ्या असलेल्या माणसाची हजेरी कसली घ्यायची? नऊ वर्षांत ते नाव वहीत पहिल्यांदा आलं ते या ओळीत.

बातमी आली तेव्हाही मी यादीच करत होते. सप्टेंबरचा पहिला आठवडा, दुपार, ग्रंथालयात विद्यार्थी कोणी नव्हते. डिसेंबरची नोंदणी सुरू करायची म्हणून मी मुक्कामाच्या घरांची यादी काढली होती. कुंतीचा फोन आला. "बाई, बाबा रायले नाई," एवढंच ती म्हणाली. मी विचारलं, कधी, काय झालं होतं, दवाखान्यात कोण आहे, गाडी मिळाली का. ती उत्तरं देत गेली. बांधावर छातीत दुखलं, घरी येऊन बाजेवर पडले, गाडी येईपर्यंत संपलं होतं. फोन ठेवल्यावर पाहिलं तर तिची सगळी उत्तरं मी त्या यादीच्या पाठीमागे क्रमांक घालून लिहिली होती. रडू आलं ते हे बघून. त्या दिवशी नाल्याला पूर होता. दुसऱ्या दिवशी मी पोचले तेव्हा माती होऊन गेली होती.

पहिल्या भेटीत मी त्यांच्यासमोर नकाशा पसरला होता. चार दिवस, तीन मुक्काम, प्रत्येक टप्प्याचे तास. मुरकुटटोल्यात वाट माहीत असलेला माणूस कोण, असं विचारल्यावर लोकांनी यांच्याकडे बोट दाखवलं होतं. मनिरामभाऊ बाजेवर बसून दोर वळत होते. पन्नाशीच्या अलीकडचे, काटक, मिशीत हसणारे. त्यांनी नकाशाकडे पाहिलंच नाही, माझ्या चपलांकडे पाहिलं. "मॅडम, या चपलीवर जाता का डोंगराले?" मी म्हटलं, बूट गाडीत आहेत. मग त्यांनी तास ऐकून घेतले. तिसरा दिवस, मुरकुटटोला ते कोसमटोला, खिंडीतून, चार तास. "चार घंट्यात बकरी पोचन," ते म्हणाले. "तुमी नाई पोचत." मी सहा तास केले. ते मान हलवून म्हणाले, "आता बराबर. अना कागदावर लिवलं म्हणजे नाला आटते असं नोका समजू." मी शेवटी विचारलं, खिंडीतून वाट आहे ना नक्की? दोराचा पीळ हातात तसाच राहिला... मग म्हणाले, "हाय ना. माही बहीण देली हाय कोसमटोल्यात. मी लहानपनापासून जाऊन राहिलो."

त्यावरून मी माहितीपत्रकात लिहिलं : 'तिसऱ्या दिवसाची वाट पूर्वापार वहिवाटीची असून स्पष्ट व सुरक्षित आहे.' हे वाक्य नऊ वर्षं तसंच छापलं. पत्रकाची एक प्रत दरवर्षी त्यांच्या घरी द्यायचे. कुंती तेव्हा शाळेत होती, ती सपरीत उभी राहून मोठ्यानं वाचून दाखवायची. इतर वाक्यांना ते हसायचे. 'यजमानांकडून सहा वाजता चहा' या वाक्यावर सुकवारोबाईंनी मला सरळ विचारलं होतं, "कायले लिवता वो बाई? पाहुना उठला का चा होते. सहाले उठवू का त्याले?" मनिरामभाऊंनी त्यांची बाजू घेत म्हटलं, "कागदाले सांग तू. बाई कागदाचंच आयकते." पुढच्या वर्षी मी ते वाक्य काढलं. तिसऱ्या दिवसाच्या वाक्यावर ते कधीच काही बोलले नाहीत. ऐकून घ्यायचे आणि दोर वळत राहायचे.

कोणता पाहुणा कोणत्या घरी झोपेल हे मी यादीनं ठरवायचे आणि टोल्यावर पोचल्यावर मनिरामभाऊ ते बदलायचे. याचं कारण मला तिसऱ्या वर्षी कळलं. एका घरी नवं धान आलं होतं, पण पूर्वजांना दाखवून ते अजून खायला काढलेलं नव्हतं. त्या घरी पाहुणा गेला असता तर घरच्या बाईला जुन्या तांदळासाठी शेजारी हात पसरावा लागला असता. मी चिडून म्हटलं, मला आधी सांगायचं ना. "सांगलं असतं तर तुमी तिले इचारलं असतं," ते म्हणाले. "तिले लाज वाटली असती." माणसाला अवघडायला लावायचं नाही, ही त्यांची कामाची रीत होती. मी त्याची नोंद केली, माझ्या घरांच्या यादीत एक रकाना वाढवला आणि स्वतःवर खूश झाले. ती रीत ते माझ्याशीही पाळत असतील, हे माझ्या डोक्यात आलं नाही.

एका वर्षी नागपूरचे एक निवृत्त इंजिनिअर आले होते. खिंडीच्या चढावर ते थांबून म्हणाले, "कमाल आहे, इतक्या आतल्या जंगलात वाट इतकी साफ! कोण ठेवतं?" पुढे चालणारे मनिरामभाऊ मागे न बघता म्हणाले, "डुकरं ठेवतेत जी. लय कामाचं जनावर." सगळे हसले, मीसुद्धा. आणखी एक गोष्ट आता लिहायलाच हवी. दरवर्षी दसऱ्यानंतर चार-पाच दिवस त्यांचा फोन लागायचा नाही. ऐन तयारीच्या दिवसांत मला त्यांच्याकडून सतरा गोष्टी विचारून घ्यायच्या असायच्या. माझ्या जुन्या डायरीत ऑक्टोबरच्या पानावर ओळ आहे : 'मनिराम – फोन बंद – बोलणे.' आणि मी बोलले होते. सपरीतच, सुकवारोबाईंसमोर, जबाबदारी वगैरे शब्द वापरून. त्यांच्या दोन्ही हातांवर कोपरापर्यंत बारीक ओरखडे होते, अंगठ्याला चिंधी बांधलेली होती. ते म्हणाले, "डोंगरात रेंज नसते बाई." सुकवारोबाई चुलीकडे उठून गेल्या. जाताना भांडं जरा जोरात ठेवलं... ते मला आठवतं.

शेवटची भेट जूनमधली. मी कॉलेजच्या कामानं तिरोड्याला गेले होते, तशीच पुढे टोल्यावर गेले. ते नांगराचं काही ठोकत होते. दम लागत होता, थांबून थांबून बोलत होते. मी म्हटलं, डॉक्टरांना दाखवा, मी वेळ घेऊन देते. "रोवना होऊ द्या," ते म्हणाले. मी डायरीत लिहिलं, 'मनिराम – डॉक्टर – रोवण्यानंतर.' भाताची रोवणी झाली, ऑगस्ट गेला. ते पान मी पुन्हा उघडलं नव्हतं.

तर ९ नोव्हेंबर. पंधरा जणांची नोंदणी झाली होती. मी सुकवारोबाईंना आधीच विचारलं होतं, यंदा नको का? त्या म्हणाल्या होत्या, "नोको कायले? कोसमटोल्याची फुलाबाई वाटेकडे डोरे लावून बसते ना." फुलाबाई म्हणजे मनिरामभाऊंची थोरली बहीण, तिसऱ्या रात्रीचा आमचा मुक्काम तिच्याच घरी असतो. तेव्हा मला वाटलं, वाट आहेच, कुंतीला ती ठाऊक आहे, फक्त एकदा चालून बघायची. नाला ओलांडला, बांबूचं बन ओलांडलं आणि वाट संपली. समोर माणसाच्या उंचीची घाणेरी, तिच्यात गुंतलेल्या वेली, आडवे पडलेले बांबू. आम्ही चुकलो, असं मी म्हटलं. कुंती म्हणाली, नाही. मी मोबाईल काढला. आधीच्या वर्षी चाललेल्या वाटेची रेघ त्यात होती आणि आम्ही बरोबर त्या रेघेवर उभे होतो. रेघ घाणेरीच्या आत जात होती.

सुकवारोबाई एका दगडावर बसल्या. डोक्यावरची टोपली खाली ठेवली. टोपलीत शिदोरीसोबत एक विळा आणि कुऱ्हाड होती, ती मी सकाळी पाहिली होती आणि कशाला, हे विचारलं नव्हतं. "वाट नाई बाई," त्या म्हणाल्या. "वाट कईच मेली. सडक झाली, पोट्टे फटफटीनं फिरून जातेत, इथून कोन जाते आता? दसरा झाला का कुंतीचे बाबा येत होते. चार दिवस कापत कापत जात, अना शेवटच्या दिवशी फुलाबाईच्या घरी जेवत."

"मला का नाही सांगितलं?" मी विचारलं. आवाज चढला होता, अजूनही कोणाला तरी रागवायची सवय गेली नव्हती.

त्यांनी कुंतीकडे पाहिलं. कुंती म्हणाली, "तुमी पयल्या वर्षी कागद देला ना, मी वाचला. वाट हाय, साफ हाय, असं लिवलं होतं. बाबा म्हने, बाईनं छापून टाकलं, आता थे खोटं नोको पडाले. तवापासून जात."

"अना तुमी त्याइले बोलले होते," सुकवारोबाई म्हणाल्या, "फोन काऊन बंद हाय म्हनून. मी म्हटलं सांगून द्या. तर मनते, कायले, बाईचा जीव खालीवर होईन." त्यांनी टोपलीतला विळा बाहेर काढला. "तेरवीले फुलाबाईले ट्रॅक्टरनं आनलं. लय रडली नाई थे. एवढंच बोलली, यंदा वाट कोन काढन..."

मधुकरभाऊ तोपर्यंत कुऱ्हाड घेऊन उभे राहिले होते. त्यांची साठी उलटली आहे, घरी धान कापणीला आलं आहे. ते मला म्हणाले, "बाई, लिवून झालं असन तर हात लावा." मी वही पिशवीत टाकली. विळा घ्यायला हात पुढे केला, तर सुकवारोबाईंनी आधी तो कसा धरायचा ते दाखवलं. मुठीला सायकलच्या ट्यूबची पट्टी गुंडाळलेली आहे. ती मनिरामभाऊंच्या पकडीनं एका बाजूला झिजली आहे, माझी बोटं त्या खाचेत नीट बसत नाहीत. दुपारपर्यंत माझ्या हातांवर तेच ओरखडे उठले जे मी नऊ वर्षं दर मोसमाच्या सुरुवातीला पाहिले होते. चार वाजता थांबलो तेव्हा एका टेंभुर्णीच्या झाडापर्यंत पोचलो होतो. मी पावलं मोजली. दोनशे दहा.

परत आल्यावर विळा मी घरी नेण्यासाठी मागितला, धार लावून आणते म्हटलं. सुकवारोबाईंनी तो सपरीतल्या खिळ्यावर अडकवला, जिथं तो कायम असायचा, माझ्या डोक्याच्या जरा वर, आणि जिथं मी तो नऊ वर्षं पाहिला नव्हता. "इथंच राहू द्या," त्या म्हणाल्या. "नेला तर तुमी येनार नाई. इथं राहीन तर यायाच लागन."

त्यानंतर दोन रविवार गेले. दोन्ही वेळा मी टोल्यावर गेले, खिळ्यावरून विळा काढला, संध्याकाळी तिथंच अडकवला. पंधरा जणांपैकी तिघं मदतीला आले, बाकीच्यांना मी खरं काय ते कळवलं आहे. माहितीपत्रकातलं ते वाक्य खोडलं आहे, त्या जागी काय लिहायचं ते अजून ठरलेलं नाही. हजेरीची नवी वही केली आहे आणि तिच्यात पहिलं नाव कुंतीचं आहे, तिच्या औषधांच्या, घरच्या फोनच्या रकान्यांसकट. कामांच्या यादीत घरं ठरली, तांदूळ कोणाकडे जुना आहे ते विचारून झालं, गाडी सांगून झाली. या यादीतल्या कामांवर मी पूर्वी आधीच खूण करून ठेवायचे, होणारच आहे म्हणून. आता तसं करत नाही.

आम्ही खिंडीच्या अलीकडे पोचलो आहोत. तिथून खाली, फुलाबाईच्या घरापर्यंतचा उतार अजून कापायचा आहे.